छापलेलं आणि न छापलेलं

महाराष्ट्रात सरकार डळमळू लागलं की दोन गोष्टी हमखास होतात. आमदारांच्या बसगाड्या कुठल्याशा हॉटेलकडे वळतात आणि लोकांना ‘सिंहासन’ आठवतो. २३ नोव्हेंबर २०१९ला राजभवनात सकाळी सकाळी शपथविधी उरकला गेला, तेव्हा हेच झालं. जून २०२२मध्ये आमदार सुरतमार्गे गुवाहाटीला पोचले, तेव्हाही हेच. निळू फुल्यांनी उभा केलेला पत्रकार दिगू टिपणीस आणि शेवटी त्याचं ते रस्त्यावरचं वेड्यासारखं हसणं मोबाइलवरून मोबाइलवर फिरत राहिलं. ज्यांनी चित्रपट पाहिला नव्हता, त्यांनीही ते पुढे पाठवलं.

जब्बार पटेलांचा हा चित्रपट १९७९चा. तो ज्या दोन कादंबऱ्यांवरून निघाला त्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ लिहिणारा माणूस पेशानं बातमीदार होता. अरुण साधूंचा जन्म १७ जून १९४१चा, अमरावती जिल्ह्यातल्या परतवाड्याचा. ‘केसरी’पासून सुरुवात करून ते मुंबईच्या इंग्रजी पत्रकारितेत गेले. ‘इंडियन एक्स्प्रेस’, ‘टाइम्स ऑफ इंडिया’, ‘स्टेट्समन’ अशी त्यांची वाट होती. पुढे ‘फ्री प्रेस जर्नल’चं संपादकपद आलं, मग पुणे विद्यापीठाच्या वृत्तविद्या विभागाचं प्रमुखपद. २००७मध्ये नागपूरला भरलेल्या ८०व्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते, २०१५चा जनस्थान पुरस्कार त्यांना मिळाला. २५ सप्टेंबर २०१७ला मुंबईत ते गेले, तेव्हा जवळपास प्रत्येक श्रद्धांजलीत ‘सिंहासन’चं नाव आधी आलं आणि त्यांनी दिलेल्या बातम्यांचं क्वचितच.

एका मामा-भाचीचा वाद नेमका इथून सुरू होतो. मामा निवृत्त पत्रकार. एका मराठी दैनिकात त्यांची हयात गेली, त्यातली बरीचशी मंत्रालयाच्या बीटवर. भाची एका वृत्तसंकेतस्थळावर काम करते आणि दिवसातला बराच वेळ शासन निर्णय, निविदा आणि प्रतिज्ञापत्रं यांच्या पीडीएफ उपसण्यात घालवते. साधूंबद्दल आदर दोघांनाही आहे. भांडण आहे ते या आदराच्या कारणावरून.

“मला एवढंच सांग मामा,” भाचीनं सुरुवात केली, “राज्यातला एक उत्तम राजकीय बातमीदार. त्याला सगळं ठाऊक आहे. आणि आपण त्याला ओळखतो कशावरून? त्यानं नावं बदलून लिहिलेल्या गोष्टींवरून. हा त्याचा गौरव झाला की आपल्या पत्रकारितेवरचा ठपका?”

“दोन्ही नाही,” मामा म्हणाले. “तू त्या काळी बीटवर नव्हतीस म्हणून तुला असं वाटतं. बुधवारी मंत्रिमंडळाची बैठक. बैठक सुटायच्या आधी कुठल्या मंत्र्याचा पीए व्हरांड्यात येऊन गेला, कोण फाइल न घेता बाहेर पडला, कोणाचा ड्रायव्हर गाडी सुरू करून बसलाय, हे बघत आम्ही उभे. मग एखादा मंत्री केबिनमध्ये बोलावणार, चहा मागवणार आणि पहिलं वाक्य टाकणार, ‘हे छापायचं नाही बरं का.’ त्यानंतर तासभर तो जे बोलतो ते खरं राजकारण. ऑफिसात येऊन टाइपरायटरवर काय बडवायचं? ‘मंत्रिमंडळात मतभेद असल्याचे विश्वसनीय गोटातून समजते.’ एक ओळ. बाकीचा तास कुठे गेला? साधूंचा कादंबरीत गेला.”

“आणि तुझा?”

“माझा वाया गेला.”

भाची हसली, पण मुद्दा तिनं सोडला नाही. तो तास ज्या मंत्र्याचा होता त्याचं काय झालं, हा तिचा प्रश्न होता. त्यानं बोलायचं ते बोलून घेतलं, छापून काही आलं नाही आणि पाच वर्षांनी कादंबरीत कुणा भलत्याच नावाच्या मंत्र्याच्या तोंडी ते वाचून त्यानंच मित्रांना विचारलं असेल की हा कोण असावा. “दिगू टिपणीसच घे,” ती म्हणाली. “मुख्यमंत्री जिवाजीराव त्याच्याशी बोलतात, त्यांची खुर्ची ओढायला निघालेले दाभाडे त्याच्याशी बोलतात. सगळ्या महाराष्ट्राला त्याचा चेहरा पाठ आहे. पण त्यानं छापलेली एक तरी बातमी कुणाला आठवते? आठवतं ते त्याचं ऐकणं. सगळं ऐकून घेणारा आणि शेवटी वेडा होणारा माणूस हा आपल्या पत्रकारांचा नायक झालाय. माझ्या ऑफिसातली मुलंसुद्धा थकली की ‘माझा दिगू झाला’ म्हणतात.”

“अगं, तो नायक नाहीच. साधूंनी त्याला नायक म्हणून कुठे लिहिलाय? तो आमच्या धंद्यातला माणूस आहे, जसा होता तसा. मुख्यमंत्र्यांच्या दालनापर्यंत पोचल्याचा अभिमान आणि तिथून रिकाम्या हातानं परत आल्याची लाज, दोन्ही एकाच चेहऱ्यावर. पत्रकारावर इतकं कडू लिहायला पत्रकारच लागतो. ती वकिली वाटते तुला?”

इथे मामांनी काळाचा हिशेब मांडला. १९६३पासून १९७५पर्यंत वसंतराव नाईक मुख्यमंत्री होते. सलग अकरा वर्षांहून जास्त. वरून सगळं स्थिर. आत साखर कारखान्यांचे गट, जिल्ह्याजिल्ह्यांतली घराणी, मुंबईतल्या कामगार संघटना, १९६६मध्ये निघालेली शिवसेना, १९७२चा दुष्काळ. रोजच्या बातमीत यातलं एकेक सुटं येई. दुष्काळाची बातमी एका पानावर, संपाची दुसऱ्यावर, मंत्र्याच्या दौऱ्याची तिसऱ्यावर. “दुष्काळी कामावरची बाई, गोदीतला तस्कर, कामगारांचा पुढारी डिकास्टा आणि मंत्रालयातला सहावा मजला हे सगळं एकाच यंत्राचे भाग आहेत, हे पेपर वाचून कोणाला कळलं असतं? बातमीला आज काय झालं ते हवं असतं. कसं चालतं, याला तिथे जागा नसते. साधूंनी ते यंत्र उघडून दाखवलं. आणि ते किती बिनचूक होतं बघ. ‘सिंहासन’ कादंबरी आली १९७७ला. जुलै १९७८मध्ये वसंतदादांचं सरकार त्यांच्याच मंत्र्यानं पाडलं आणि चाळिशीही न गाठलेले शरद पवार मुख्यमंत्री झाले. घटना नंतर घडली, कादंबरी आधी आली होती. हे कुठल्या बातमीदाराला साधलं?”

“भविष्य सांगणं हे बातमीदाराचं काम कधी झालं?” भाचीनं विचारलं. तिच्याकडे तिचं उदाहरण तयार होतं, आणि तेही मुंबईतलंच, साधूंच्याच काळातलं. ऑगस्ट १९८१ संपता संपता ‘इंडियन एक्स्प्रेस’मध्ये अरुण शौरींचा लेख आला. मुख्यमंत्री बॅरिस्टर अंतुले. सिमेंट तेव्हा नियंत्रित होतं, कोट्यानं मिळायचं. बिल्डरांना सिमेंट हवं होतं आणि मुख्यमंत्र्यांच्या पुढाकारानं उभ्या राहिलेल्या प्रतिष्ठानांना देणग्या हव्या होत्या. कोणी किती देणगी दिली आणि कोणाला किती सिमेंट सुटलं, हे नावानिशी, आकड्यांनिशी छापलं गेलं. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेलं. जानेवारी १९८२मध्ये न्यायमूर्ती लेंटिन यांनी देणगी आणि सिमेंट यांचा संबंध असल्याचा निष्कर्ष काढला आणि अंतुल्यांना पायउतार व्हावं लागलं.

“कादंबरीतला मुख्यमंत्री खुर्ची वाचवतो,” ती म्हणाली, “आणि खऱ्या मुख्यमंत्र्याची खुर्ची बातमीनं जाते. मग यातलं जास्त काम कोणी केलं?”

मामा थोडा वेळ काही बोलले नाहीत. त्या दिवसांत तेही बीटवर होते आणि शौरींचा लेख वाचून आपल्या दैनिकात उडालेली धावपळ त्यांना चांगली आठवत होती. मग त्यांनी बोटांवर मोजायला सुरुवात केली. अंतुले गेले आणि आले बाबासाहेब भोसले, ज्यांचं नाव त्या शर्यतीत कोणी घेतलंही नव्हतं. वर्षभरात ते गेले, वसंतदादा आले. मग शिवाजीराव निलंगेकर. त्यांच्या मुलीच्या एमडीच्या परीक्षेतल्या वाढीव गुणांचं प्रकरण कोर्टात गेलं, ताशेरे आले, मार्च १९८६मध्ये तेही गेले. मग शंकरराव चव्हाण, मग पुन्हा पवार. “जून १९८०पासून जून १९८८पर्यंत सहा मुख्यमंत्री. त्यातले दोन कोर्टापुढे आलेल्या प्रकरणांनी गेले. बाकीचे दिल्लीच्या एका फोनवर. आता मला सांग, सिमेंटचं नियंत्रण १९८२मध्ये अर्धं सुटलं, १९८९मध्ये पुरतं गेलं. म्हणून बिल्डर आणि राजकारणी यांचं नातं सुटलं का? १९९१च्या विकास नियमावलीत टीडीआर आला, एफएसआयचा बाजार भरला. माल बदलला, दुकान तेच. शौरींनी एक गिऱ्हाईक पकडलं. साधूंनी दुकानाचा नकाशा काढून दिला.”

“नकाशा पाहून कोणी तुरुंगात जात नाही.”

“लेख छापून तरी कोण गेलं?”

भाचीला हे उत्तर आवडलं नाही, कारण ते अर्धं खरं होतं. पण तिला मामांचा ‘माल बदलला, दुकान तेच’ हा सूरच धोक्याचा वाटत होता, आणि तो त्यांनी ‘सिंहासन’मधून उचललाय असं तिचं म्हणणं होतं. चित्रपट संपतो तेव्हा सगळे राजकारणी पुन्हा आपापल्या जागी असतात. प्रेक्षकाला कळतं की हे सगळे एकाच माळेचे मणी. एकदा हे पटलं की हिशेब विचारायचं कारण उरत नाही. २०१९च्या त्या सकाळी घटनेतले किती साधे प्रश्न होते: राष्ट्रपती राजवट रात्रीत कशी उठली, पाठिंब्याच्या पत्रावर सह्या कोणाच्या, बहुमताची खात्री कोणी आणि कशी केली. “लोक ते न विचारता दिगूचा व्हिडिओ पाठवत बसले,” ती म्हणाली. “राजकारण म्हणजे तमाशा असं ठरलं की मतदाराचा प्रेक्षक होतो. आणि पुढाऱ्यांना प्रेक्षक आवडतात रे मामा! म्हणून तर ‘सिंहासन’ त्यांचाही लाडका आहे. मंत्रालयात चित्रीकरण करायला परवानगी कोणी दिली? तेव्हाच्या मुख्यमंत्र्यांनी, शरद पवारांनी. जब्बार पटेल हे नेहमी कौतुकानं सांगतात. ज्या टीकेला सत्ता स्वतःचं ऑफिस वापरायला देते, ती टीका तिला कितीशी बोचली असेल?”

हा टोला मामांना चांगलाच लागला असावा. त्यांनी चष्मा काढला. “‘किस्सा कुर्सी का’ ऐकलंयस? अमृत नाहाटांचा चित्रपट. राजकारणावरचाच. आणीबाणीत त्याच्या प्रिंट, निगेटिव्ह सगळं जाळून टाकलं. तो प्रकार होऊन फार वर्षं झाली नव्हती, आणि इथे एक मुख्यमंत्री स्वतःच्या दालनाचे दरवाजे उघडून म्हणतो, काढा चित्रपट. त्यात त्याचा धूर्तपणा असेल, मी नाही म्हणत नाही. पण परवानगी मिळाली म्हणून कलाकृती बोथट झाली, हे कुठलं तर्कशास्त्र? पटकथा तेंडुलकरांची होती. तेही मूळचे वर्तमानपत्रातलेच. त्या माणसानं कधी कोणाची भीड ठेवली?”

परवानगीच्या मुद्द्यावर भाचीनं माघार घेतली. प्रेक्षकाच्या मुद्द्यावर नाही.

आणि मग मामांनी अशी एक बाजू काढली जी तिच्या हिशेबात नव्हती. साधूंना ‘सगळे चोर’ म्हणून मोकळं व्हायचं असतं तर त्यांनी बाकीचं जे लिहिलं ते कशाला लिहिलं असतं? श्री. ग. माजगावकरांच्या ‘माणूस’मधून त्यांनी चीन, क्यूबा इथल्या क्रांत्यांवर लिहिलं. ‘...आणि ड्रॅगन जागा झाला’, ‘फिडेल, चे आणि क्रांती’ ही पुस्तकं त्यातून आली. रशियावरचं ‘तिसरी क्रांती’ नंतरचं. त्या काळात जिल्ह्याच्या गावातल्या कॉलेजच्या पोराला माओ, चे गव्हेरा कोण, हे मराठीत सांगणारी माणसं होती किती? स्टेशनवर बूटपॉलिश करणाऱ्या पोरांवर त्यांनी ‘झिपऱ्या’ लिहिली. विठ्ठलराव विखे पाटलांचं इंग्रजी चरित्र लिहिलं. जब्बार पटेलांच्या डॉ. आंबेडकरांवरच्या चित्रपटाच्या लेखनात त्यांचा हात होता. ‘ग्रंथाली’ची वाचक चळवळ उभी करणाऱ्यांत ते होते. विक्रम सेठची ती भलीमोठी कादंबरी ‘शुभमंगल’ म्हणून मराठीत आणली. “हा काय हात झटकून बसलेला माणूस आहे? जग बदलता येतं का, हे तो आयुष्यभर तपासत होता. मंत्रालयात त्याला ‘नाही’ असं उत्तर मिळालं, ते त्यानं लिहून ठेवलं. पण त्यानं विचारायचं सोडलं नाही.”

“विखे पाटलांच्या चरित्राचं तू आपणहून बोललास ते बरं झालं,” भाची म्हणाली. “त्यांनी रुजवलेल्या सहकारी साखरेवरच ‘सिंहासन’मधलं राजकारण पोसलेलं आहे. मग हाच लेखक सहकाराच्या प्रवर्तकाचं चरित्र लिहितो, यात तुला काही खटकत नाही?”

“अजिबात नाही. प्रवरानगरचा कारखाना १९५०च्या आसपास उभा राहिला तेव्हा तो शेतकऱ्यांनी सावकाराविरुद्ध उभा केलेला होता. पुढे त्याच चिमणीच्या धुरातून आमदारक्या निघाल्या, हेही खरं. एकाच माणसानं दोन्ही लिहिलं, म्हणजे त्याला दोन्ही दिसत होतं. तुझ्या पीडीएफमध्ये कारखान्याचं कर्ज दिसतं. तो उभा राहिला तेव्हाची भूक दिसते का?”

यावर भाचीनं वही काढून काहीतरी टिपलं. मामांच्या मते तो त्यांचा विजय होता. तिच्या मते तो केवळ एक संदर्भ होता.

भाषेचा प्रश्न तिनंच पुढे आणला. साधूंची नोकरी बहुतेक इंग्रजी दैनिकांत आणि पुस्तकं बहुतेक मराठीत. म्हणजे चर्चगेटला उतरणाऱ्या वाचकाला तपासलेली, सावध बातमी मिळाली आणि परभणीच्या वाचकाला मिळाली ती गोष्ट. मराठी वाचकाच्या वाट्याला पुरावा आलाच नाही, अशी तिची तक्रार. मामांना नेमकं उलटं वाटत होतं. इंग्रजी वाचकाला दुसऱ्या दिवशी रद्दीत जाणारा कागद मिळाला, मराठी वाचकाला पन्नास वर्षं पुरलेलं पुस्तक. “आणि साधूंच्या मराठीत जो वेग आहे तो आला कुठून? इंग्रजी डेस्कवरून. लांबलचक निसर्गवर्णन नाही, अलंकार नाहीत. कोण, कुठे, किती वाजता, काय म्हणाला, पुढे चला. त्या काळची मराठी कादंबरी अजून माजघरात आणि मनाच्या कोपऱ्यांत फिरत होती. साधूंनी तिला लोकलच्या गर्दीत आणि विधानसभेच्या लॉबीत आणून उभं केलं. ही बातमीदाराची कमाई आहे, कादंबरीकाराची नाही.”

“मग हे वाक्य तुझ्या बाजूचं आहे की माझ्या?”

मामांनी क्षणभर विचार केला. “तूच ठेव,” ते म्हणाले.

आणखी एक गोष्ट भाचीला बोलायची होती. साधूंच्या पिढीकडे हत्यारं नव्हती, हे ती मान्य करते. सरकारी कागदावर १९२३च्या गोपनीयता कायद्याचं कुलूप होतं. अब्रूनुकसानीचं कलम ४९९ डोक्यावर होतं. कागद मिळवायचा तर कोणाच्या तरी मेहरबानीनं, आणि मेहरबानी करणाऱ्याचा काहीतरी हेतू असायचाच. आता तसं राहिलेलं नाही. महाराष्ट्रानं २००२मध्ये स्वतःचा माहिती अधिकार कायदा केला, २००५ला केंद्राचा आला. उमेदवारांना मालमत्ता आणि गुन्हे प्रतिज्ञापत्रात लिहावे लागतात, तेही सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशामुळे. १५ फेब्रुवारी २०२४ला न्यायालयानं निवडणूक रोखे रद्द केले आणि मार्चमध्ये याद्या बाहेर आल्या. कोणत्या कंपनीनं कोणत्या पक्षाला किती दिले, हे देशभरच्या पत्रकारांनी रात्री जागून जुळवलं. तीही त्यात होती. दोन स्तंभ शेजारी लावले की तिसरा आपोआप दिसायला लागतो, म्हणाली ती. मंत्र्याच्या चहाची गरजच पडली नाही. कोणी ‘छापायचं नाही’ म्हणालं नाही आणि एकही नाव बदलावं लागलं नाही.

“आणि त्या याद्या छापल्यानंतर किती जण पायउतार झाले?” मामांनी विचारलं.

ती गप्प राहिली.

“मी टोमणा मारत नाही. मला खरंच विचारायचंय. अंतुल्यांच्या वेळी काही कोटींच्या देणग्यांवरून मुख्यमंत्री गेला. रोख्यांत हजारो कोटी होते, नावं होती, तारखा होत्या, सगळं छापून आलं. कोणाची खुर्ची हलली? कागद कमी पडला म्हणून नाही ना. लोकांना त्या आकड्यांतली माणसं दिसली नाहीत. कंपनीच्या मालकानं तो रोखा घेतला त्या दिवशी त्याला कोणाचा फोन आला होता, तो काय म्हणाला, रात्री त्यानं बायकोला काय सांगितलं, हे कोण लिहिणार? ते स्तंभात बसत नाही. त्याला साधू लागतो.”

“किंवा शोधून काढणारा बातमीदार लागतो, जो त्या फोनचा पुरावा मिळवेल.”

“मिळाला तर.”

“मिळेपर्यंत.”

वाद इथे आला की तो साधूंचा राहत नाही, या दोघांचा होतो. भाचीकडे सध्या एक प्रकरण आहे. एका शहराजवळच्या शेतजमिनीचं आरक्षण उठलं, झोन बदलला, आणि त्याआधी काही महिने तिथल्या जमिनी कोणी घेतल्या याची सात-बारावरची नावं तिनं जमवलीत. निर्णय कसा झाला हे तिला एका अधिकाऱ्यानं अथपासून इतिपर्यंत सांगितलं. नाव घालायचं नाही या अटीवर. माहिती अधिकारात तिनं टिप्पणी मागितली तर ‘नस्ती आढळून येत नाही’ असं उत्तर आलं. पहिलं अपील झालं, दुसरं आयोगाकडे पडून आहे.

मामांचा सल्ला सरळ होता. दिवाळी अंकासाठी कथा लिही. अधिकारी वाचेल, सचिव वाचेल, सगळ्यांना सगळं कळेल आणि कोर्टात खेचायला कोणाला जागा राहणार नाही. साधूंनी हेच केलं.

“कथेत घातलं की अधिकारी सुटला, मंत्री सुटला आणि मीपण सुटले,” भाची म्हणाली. “शेतकऱ्याची जमीन मात्र कथेत परत मिळत नाही. मला सात-बारावरची खरी नावं छापायची आहेत. त्यासाठी आयोगाची तारीख लागेपर्यंत थांबावं लागलं तरी थांबेन.”

“आणि तोपर्यंत तिथे टॉवर उभे राहिले तर?”

“तर टॉवरसकट छापेन.”

मामांना हे उत्तर आवडल्याचं त्यांच्या चेहऱ्यावर दिसलं, पण ते कबूल करण्याइतके ते अजून निवृत्त झालेले नाहीत. त्यांनी विषय वळवला. तिला एका महाविद्यालयात पत्रकारितेच्या विद्यार्थ्यांपुढे बोलायला बोलावलंय, साधूंवरच, त्याची तयारी कुठवर आली असं विचारलं. तिनं ठरवलं होतं की मुलांपुढे दोन गोष्टी ठेवायच्या, लेंटिन निकालपत्रातली काही पानं आणि ‘सिंहासन’मधलं एक प्रकरण. दोन्हींत सत्ता आणि पैसा, एकात नावं खरी, दुसऱ्यात खोटी. मग मुलांना विचारायचं की यातून तुम्हाला उद्याच्या अंकासाठी काय मिळालं.

कल्पना मामांना पसंत पडली. फक्त क्रमावर त्यांचा आक्षेप होता. आधी कादंबरी द्यावी, असं त्यांचं मत. निकालपत्र चाळीस पानं वाचायला धीर लागतो, आणि हे सगळं चालतं कसं याची चटक आधी लागली तरच तो धीर येतो. त्यांना स्वतःला ती ‘मुंबई दिनांक’नं लागली होती. भाचीचं म्हणणं, आधी निकालपत्र. पुरावा म्हणजे काय हे एकदा कळलं की मग कादंबरी वाचताना मुलं विचारतील, हे लेखकाला कळलं कुठून? बातमीदार तयार होतो तो त्या प्रश्नानं.

“तास किती मिनिटांचा आहे?” मामांनी विचारलं.

“पंचेचाळीस. त्यात हजेरी.”

“मग दोन्ही होणार नाही.”

“मग निकालपत्र,” ती म्हणाली. “कादंबरी ती घरी जाऊन वाचतील.”

“नाही वाचणार. चित्रपट बघतील,” मामा म्हणाले, “तोही मोबाइलवर, शेवटची तीन मिनिटं.” आणि प्रकरण कुठलं निवडलंय ते तरी दाखव म्हणून त्यांनी तिच्या हातातलं पुस्तक मागून घेतलं.